सावेदादांची कुस्ती

गेल्या शनिवारी माझ्या हार्ड डिस्कने मान टाकली. तिच्यात गावच्या जत्रेतला, काकाच्या शेवटच्या कुस्तीचा व्हिडिओ होता. काका जाऊन आता चार वर्षं झाली. बॅकअप? ऑफिसात सगळ्यांना बॅकअप घ्या म्हणून सांगणारे आम्ही, आमचाच नव्हता! डोकं शांत करायला जुन्या सिनेमांबद्दल वाचत बसलो, तर तिथेही एका कुस्तीपाशीच येऊन थांबलो.

७ जुलै १८९६ ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या चलतचित्रांचा खेळ झाला. तो बघून हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, पार भारावून गेले. स्वतः छायाचित्रकार. त्यांनी इंग्लंडच्या रायली ब्रदर्सकडून २१ गिनी मोजून कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनला पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या दोन पैलवानांची कुस्ती लावली आणि टिपली. भारतीय माणसाने चित्रित केलेल्या अगदी पहिल्या फिल्मांपैकी ही एक. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आला १९१३ ला, म्हणजे चौदा वर्षांनी!

पण कुस्तीच का? जरा विचार केला की पटतं. कॅमेरा एका जागी रोवलेला. फिल्मची गुंडाळी जेमतेम मिनिटाभराची. सगळी भिस्त उन्हावर, आणि आवाज तर नाहीच. कुस्तीत कसं, दोन माणसं, लहानशी जागा, वर मोकळं आभाळ. डाव कळायला शब्द लागत नाहीत. तिकडे अमेरिकेत एडिसनच्या कंपनीनेही १८९४ मध्ये मुष्टियोद्धे कॅमेऱ्यापुढे उभे केले होते, ते काही उगाच नाही.

फिल्म धुवायला लंडनला पाठवावी लागली. आपण क्लिप काढून लगेच बघतो. सावेदादांनी बोटीची वाट बघितली. पुढे त्यांनी माकडवाल्याचा खेळ चित्रित केला. १९०१ मध्ये केंब्रिजहून सीनियर रँग्लर होऊन परतलेल्या र. पु. परांजप्यांचं स्वागतही टिपलं.

ती कुस्ती मात्र आज कुठेच बघायला मिळत नाही. फिल्म गेली, पण पैलवानांची नावं राहिली, कारण कुणीतरी ती लिहून ठेवली.

म्हणून काल आईला फोन करून विचारलं, काकाच्या समोर त्या दिवशी कोण होता गं? तिला गावासकट आठवत होतं. वहीत लिहून ठेवलंय.

आणि हो, हार्ड डिस्क घेतल्यात. दोन!