सदाशिव अमरापूरकर: खलनायकही आणि महात्मा फुलेही

'सडक'मधली थरकाप उडवणारी 'महाराणी' आठवते? ती साकारणारा अभिनेताच टीव्हीवर महात्मा फुले झाला होता. तो म्हणजे सदाशिव अमरापूरकर.

११ मे १९५० रोजी अहमदनगर (आताचं अहिल्यानगर) इथे जन्मलेले अमरापूरकर रंगभूमीवरून पडद्यावर आले. '२२ जून १८९७' (१९७९) या मराठी चित्रपटात त्यांनी लोकमान्य टिळकांची भूमिका केली. गोविंद निहलानींच्या 'अर्धसत्य'मधल्या (१९८३) रामा शेट्टीने त्यांना सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर मिळवून दिला.

श्याम बेनेगल यांच्या 'भारत एक खोज' या दूरदर्शन मालिकेत ते महात्मा फुले होते. 'सडक'साठी (१९९१) मिळालेला फिल्मफेअर हा खलनायकाच्या भूमिकेसाठी दिलेला पहिलाच पुरस्कार. पुढे 'आँखें'मध्ये (१९९३) त्यांनी प्रेक्षकांना हसवलंही.

पडद्यावरचा हा खलनायक प्रत्यक्षात सामाजिक कार्यकर्ता होता. २०१३ च्या दुष्काळात होळीला पाण्याची नासाडी करणाऱ्यांना त्यांनी विरोध केला, तेव्हा त्यांना मारहाण झाली. ३ नोव्हेंबर २०१४ रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं.