‘जग’, ‘विश्व’ आणि ‘ब्रह्मांड’ : अनेकविश्वकल्पनेचा शब्देतिहास

अनेक विश्वांच्या कल्पनेचा इतिहास एका अखंड प्रवाहासारखा लिहिण्याची प्रथा आहे. ग्रीक अणुवाद्यांपासून निघावे, ब्रूनोच्या चितेपाशी क्षणभर थांबावे आणि विसाव्या शतकातील पुंजयांत्रिकीपर्यंत यावे, असा या लेखनाचा मार्ग बहुधा ठरलेला असतो. भारतीय अभ्यासक त्याच्या आरंभी आणखी एक प्रकरण जोडतात : पुराणांतील असंख्य ब्रह्मांडे आणि योगवासिष्ठातील एकाच्या पोटात दुसरे असणारी विश्वे. आधुनिक विज्ञानाला जे उशिरा उमगले ते आपल्याकडे पूर्वीच सांगितलेले होते, हा निष्कर्ष मग फार दूर राहत नाही. या मांडणीतील अडचण अशी की, ‘विश्व’ हा शब्द सर्वत्र एकाच अर्थाने आला आहे असे तिच्यात गृहीत धरलेले असते. वस्तुतः कोसमॉस, मुंदुस, मोंद, वर्ल्ड या शब्दांनी त्या त्या काळी निरनिराळ्या गोष्टींचा निर्देश केला आहे, आणि अनेकत्वाचा वादही त्यानुसार बदलत गेला आहे.

एपिक्यूरसच्या (इ.स.पू. ३४१–२७०) लेखी कोसमॉस म्हणजे अनंत अवकाशातून वेगळा झालेला, स्वतःची पृथ्वी आणि स्वतःचे तारे असलेला एक बंदिस्त भाग. अणू अनंत असल्यामुळे असे भागही अनंत असले पाहिजेत. त्यांतील काही आपल्यासारखे, काही वेगळे. ल्युक्रीशियसने आपल्या काव्याच्या दुसऱ्या सर्गात याला आणखी एक युक्तिवाद जोडला : निसर्गात कोणतीही वस्तू आपल्या जातीत एकटी नसते, मग जगच एकटे का असावे? ॲरिस्टॉटलने नेमके या ठिकाणी बोट ठेवले. पृथ्वीतत्त्वाची स्वाभाविक गती केंद्राकडे असते. केंद्रे दोन मानली तर मातीचे ढेकूळ कोणत्या केंद्राकडे पडणार? येथे लक्षात घ्यावयाचे ते हे की, आपल्याला दिसणारे सर्व तारे या वादातील दोन्ही पक्षांच्या मते आपल्याच कोसमॉसमधले आहेत. इतर जगे आकाशात शोधून सापडणारी नव्हेत. ती केवळ तर्काने जाणण्याची आहेत.

संरचनेच्या दृष्टीने पुराणांतील ब्रह्मांड या कोसमॉसच्या बरेच जवळचे आहे. तेही आवरणांनी वेढलेले, स्वतःच्या लोकांसह आणि स्वतःच्या ब्रह्मदेवासह पूर्ण असते. भागवताच्या दशम स्कंधातील ब्रह्मस्तुतीत अशी असंख्य ब्रह्मांडे परमेश्वराच्या रोमरंध्रांतून धूलिकणांसारखी फिरताना दिसतात. प्रतिमा जवळची असली तरी निष्कर्ष मात्र उलट टोकाचा आहे. एपिक्यूरसला जगांची अनंतता हवी आहे ती देवांना जगाच्या कारभारातून मुक्त करण्यासाठी आणि माणसाला भयातून सोडवण्यासाठी. भागवतात तीच अनंतता ईश्वराच्या महिम्याचे माप होते. ‘अनंतकोटी ब्रह्मांडनायक’ हे संबोधन मराठी भाविकाच्या तोंडी सहज येते, तेव्हा त्यातील भार ‘नायक’ या पदावर असतो. योगवासिष्ठातील लीलोपाख्यानाचा हेतू आणखी निराळा आहे. राजा पद्माचे दीर्घ राज्य एका ब्राह्मणाच्या घरातील अवकाशात सामावते, आणि त्या ब्राह्मणाच्या मृत्यूला तर आठच दिवस झालेले असतात. येथे विश्व ही चित्ताची निर्मिती आहे. तिला अवकाशातील स्थानच नाही. भागवत आणि योगवासिष्ठ यांना एका दाव्याखाली एकत्र आणले, तर दोन्ही ग्रंथांवर अन्याय होतो.

भागवताशी खरे नाते जुळते ते मध्ययुगीन युरोपातील एका अनपेक्षित ठिकाणी. ७ मार्च १२७७ रोजी पॅरिसचा बिशप एत्येन तांपिए याने २१९ विधाने निषिद्ध ठरवली. ‘आदिकारणाला अनेक जगे निर्माण करता येणार नाहीत’ हे त्यांतले एक. ईश्वराच्या सर्वशक्तिमत्तेला मर्यादा घालणारा ॲरिस्टॉटल येथे नाकारला गेला. पुढे निकोल ओरेमने १३७७ मध्ये फ्रेंच भाषेत ॲरिस्टॉटलवर भाष्य करताना अनेक जगांची शक्यता तर्कदृष्ट्या मान्य केली आणि वास्तवात जग एकच आहे, असे सांगून तो थांबला. जिओर्दानो ब्रूनो थांबला नाही. १५८४ साली लंडनमध्ये छापलेल्या त्याच्या इटालियन संवादाच्या शीर्षकातच ‘अनंत, विश्व आणि जगे’ असा भेद आहे. विश्व एकवचनी आणि अनंत, जगे मात्र अनेक. ज्यांना तोवर आपल्या कोसमॉसचे अलंकार समजले जाई ते तारेच आता सूर्य झाले, त्यांच्याभोवती पृथ्व्या आल्या. १६०० साली रोममध्ये ब्रूनोला जिवंत जाळण्यात आले. त्याच्यावरील आरोप अनेक होते. त्याला केवळ खगोलशास्त्राचा हुतात्मा करणारी कथा सोयीची आहे, पुरेशी नाही.

शतकाअखेरीस हाच धोकादायक विषय बागेतील गप्पांचा झाला. १६८६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या फोंतनेलच्या ‘जगांच्या अनेकत्वासंबंधी संवाद’ या ग्रंथात एक तत्त्वज्ञ एका मार्कीझला संध्याकाळी उद्यानात फिरताना देकार्तचे भोवरे समजावून सांगतो. ‘मोंद’ म्हणजे आता वसतियोग्य ग्रह. परंतु फ्रेंचमध्ये त्याच शब्दाने प्रतिष्ठितांचा समाजही दर्शवला जातो, आणि ग्रंथाची सारी गोडी या दुहेरी अर्थात आहे. प्रत्येक तारा सूर्य आहे हे ऐकून मार्कीझ भांबावते. तत्त्वज्ञाला मात्र त्या विस्तारात मोकळे वाटते. चंद्रावर आदमचे वंशज कसे पोहोचले, या आक्षेपाला लेखकाचे प्रस्तावनेतील उत्तर असे की, तेथील रहिवासी माणसे आहेत असे त्याने म्हटलेलेच नाही. ही चतुराई पुरी पडली नाही; १६८७ मध्ये ग्रंथ निषिद्ध सूचीत गेला. १६८८ साली आफ्रा बेनने त्याचा इंग्रजी अनुवाद केला आणि त्याला गद्यानुवादावर एक निबंध जोडला. मार्कीझच्या तोंडी एकदा बालिश आणि एकदा पंडिती विधाने घातली आहेत, हा तिचा आक्षेप आजही टिकणारा आहे. अनुवादक स्त्रीने मूळ पुरुष लेखकाच्या स्त्रीपात्राची घेतलेली ही झडती तुलनाकारांनी अजून पुरेशी वाचलेली नाही.

लायब्निट्झने (१७१०) हाच शब्द पुन्हा फिरवला. त्याच्या ‘थिओडिसी’मध्ये जग म्हणजे सर्व स्थळे आणि सर्व काळ यांची संपूर्ण मालिका, त्यामुळे वास्तवात ते एकच असणार, अनेक असतील ती शक्य जगे. ग्रंथाच्या शेवटी तो एक प्रासाद उभारतो. त्याच्या प्रत्येक दालनात सेक्स्टस वेगळे आयुष्य जगतो आहे. येथून अनेकत्वाचा संबंध अवकाशाशी राहत नाही, घटनांशी जडतो.

ह्यू एव्हरेटच्या प्रबंधाचे नाते या दालनांशी आहे, ब्रूनोच्या ताऱ्यांशी नाही. आपल्या एका मसुद्यात त्याने उत्तम स्मरणशक्तीचा, पुनःपुन्हा दुभंगणारा अमीबा कल्पिला होता. ‘दुभंगणे’ या शब्दाला मार्गदर्शक जॉन व्हीलर यांनी हरकत घेतली. १९५७ मध्ये छापलेल्या संक्षिप्त निबंधाच्या शीर्षकात केवळ ‘सापेक्ष अवस्था’ आहे. ‘अनेक जगे’ हे नाव रूढ केले ते ब्राइस डेविट यांनी. १९७३ साली नील ग्रॅहम यांच्यासह त्यांनी संपादित केलेल्या ग्रंथाने ते शीर्षकात आणले. त्या ग्रंथाच्या आरंभी बोर्हेसच्या फाटे फुटणाऱ्या वाटांच्या कथेतील (१९४१) उतारा आहे. भौतिकीतील एका समीकरणाला नाव आणि प्रतिमा मिळाली ती अशी, साहित्याच्या शेजारात.

मराठीत ही कल्पना जयंत नारळीकरांच्या (१९३८–२०२५) ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत अवतरली, तेव्हा तिला ब्रह्मांडांची गरज पडली नाही. ट्रकच्या धडकेनंतर इतिहासाचे प्राध्यापक एका वेगळ्या मुंबईत जातात. तेथे १७६१ साली विश्वासरावांना गोळी लागलेलीच नाही, ती त्यांना चाटून गेली आहे. खिशात सापडणारे बखरीचे पान हा पुरावा. स्पष्टीकरण पुंजयांत्रिकीच्या अनिश्चिततेचे आहे. परंतु ज्या भाषेत ‘पानिपत होणे’ हा वाक्प्रचारच सर्वनाशाचा अर्थ देतो, तिच्यात ते वाचले जाते दीर्घकाळ मनात राहिलेल्या एका ‘जर’चे उत्तर म्हणून.