घनता व आकारमान : दाबलेले गवत
वस्तुमान कायम राहून आकारमान घटले, तर घनता व्यस्त प्रमाणात वाढते. आकारमान एक-तृतीयांश झाले, तर घनता तिप्पट. डहाणू परिसरातील गवताच्या व्यापारात याचा रोकडा उपयोग झाला. मोकळ्या गवताने रेल्वेचा डबा भरतो, पण वजन भरत नाही. म्हणून मुंबईच्या तबेल्यांकडे जाणारे गवत यंत्रात दाबून त्याच्या गाठी बांधत. दाबाने पात्यांमधली हवा निघते. पात्यांची स्वतःची घनता फारशी बदलत नाही, वाढते ती गाठीची. गवत मात्र आधी चांगले वाळलेले हवे. ओले असेल तर पुढे पाणी उडून वस्तुमानच घटते आणि हिशेब बिघडतो. याच परिसरातील वारली आदिवासींनी १९४५ च्या लढ्यात ५०० पौंड गवत कापण्याची मजुरी अडीच रुपये मागितली, तीही वजनावरच.