दापोलीचा व्हरांडा आणि शिकण्याची गोडी

"वस्तीतल्या मुलांना शिकण्याची गोडीच नसते," असे आजही अनेक शिक्षक सहज बोलून जातात. त्यांचे उपायही ठरलेले: बक्षिसाचे आमिष दाखवा, नाहीतर धाक दाखवा. मित्रांनो, या आरोपाला आपल्या रत्नागिरी जिल्ह्याच्या इतिहासाने कधीच उत्तर दिले आहे.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस दापोलीत पलटणीतले पेन्शनर मोठ्या संख्येने राहत. 'विटाळ विध्वंसन' लिहिणारे गोपाळबाबा वलंगकर त्यांतलेच. सुभेदार रामजींचे कुटुंबही निवृत्तीनंतर काही काळ तिथे होते. लष्करात असताना या माणसांना अक्षरओळख झाली होती. रामजी तर लष्करी शाळेत मुख्याध्यापक होते. शिक्षणाने माणूस कसा ताठ उभा राहतो, हे त्यांनी अनुभवले होते. म्हणूनच 1890च्या दशकात दापोलीच्या अस्पृश्य पेन्शनरांनी आपली मुले गावच्या शाळेत घ्यावीत म्हणून अर्ज केले, झगडा केला. शेवटी त्या मुलांना जागा मिळाली ती व्हरांड्यात!

आता सांगा, गोडी कुणाला नव्हती? दार ठोठावणाऱ्यांना, की दार अडवणाऱ्यांना?

महात्मा फुल्यांनी 1882 साली हंटर आयोगापुढे नेमके यावरच बोट ठेवले होते. ज्या जातींना शिक्षणाची गोडी आधीच लागली आहे, सरकारी शिष्यवृत्त्या त्यांच्याच पदरात पडतात, अशी त्यांची तक्रार होती. म्हणजे गोडी जन्मजात नसते, ती लागते. आणि ती सर्वांना लागावी ही व्यवस्थेची जबाबदारी असते.

मुंबईच्या एल्फिन्स्टन हायस्कुलात शिक्षकांनी भीमरावांना गणित सोडवायला फळ्याकडे बोलावले, तेव्हा सवर्ण मुलांनी गलका केला, कारण फळ्यामागे त्यांचे डबे होते. एखादा भीमराव यातूनही शिकला, म्हणून ती व्यवस्था निर्दोष ठरत नाही. किती मुलांची इच्छा व्हरांड्यातच विझली, याची नोंद कुणी ठेवली?

बाबासाहेबांनी यावर शोधलेला मार्ग पाहा. 1924 साली बहिष्कृत हितकारिणी सभा स्थापन झाली. पुढच्याच वर्षी सोलापुरात वसतिगृह निघाले. तिथले विद्यार्थी 'सरस्वती विलास' हे मासिक स्वतः चालवत. मुंबईत मोफत वाचनालय आणि हॉकी क्लबही सुरू झाला. राहायला जागा, हातात पुस्तक, स्वतःचे लिहायला पान आणि खेळायला मैदान मिळाले, की मूल आपोआप शिकू लागते. तिथे छडी लागत नाही.

म्हणून कार्यकर्त्यांनो, गावच्या शाळेत जा आणि पाहा: आपली मुले कुठे बसतात? फळ्यापाशी कुणाला बोलावतात? झाडू कुणाच्या हातात देतात? मुलांच्या गोडीचा हिशेब मागण्याआधी शाळेने या तीन प्रश्नांची उत्तरे द्यावीत. आणि आपल्या विहारात संध्याकाळी एक दिवा अभ्यासासाठी लागू द्या. तिथे मुलांना प्रश्न विचारू द्या, त्यांचे हस्तलिखित त्यांनाच काढू द्या.

जय भीम!