बट्टा : सराफाचा, शिपायाचा आणि नांवाचा



'घराण्याच्या नांवाला बट्टा लागला' असें आपण अजूनही म्हणतों. या वाक्यांतील बट्टा म्हणजे काय, असें कोणी विचारलें तर 'डाग' किंवा 'कलंक' असें उत्तर आपण देऊं, आणि तें चूक ठरणार नाहीं. परंतु दोनशें वर्षांपूर्वीच्या माणसाला हा शब्द ऐकतांच डाग आठवला नसता. त्याच्या डोळ्यांपुढें सराफाची गादी, तिच्यावरील तराजू आणि आपल्या मुठींतील रुपयांचें कमी होत जाणारें मोल, हेंच उभें राहिलें असतें. बट्टा पूर्वी लागे तो नाण्याला. नांवाला तो मागाहून लागला. सराफाच्या दुकानांत, सैन्याच्या छावणींत आणि घरांतील पाट्याजवळ या शब्दाचे अर्थ कसे निरनिराळे होते, व ते न ओळखतां जुने कागद वाचले तर वाचणाराची कशी फसगत होते, हें आज थोडक्यांत सांगण्याचा विचार आहे.

प्रथम सराफाकडे जाऊं. आज आपल्या हातांतील रुपया नागपुरास, पणजीस किंवा काशीस सारख्याच किंमतीनें चालतो, व त्यांत कांहीं विशेष आहे असें आपल्या मनांतही येत नाहीं. जुना काळ तसा नव्हता. सभासदानें आपल्या बखरींत शिवाजी महाराजांच्या खजिन्यांतील नाण्यांची जी यादी दिली आहे, तिच्यांत एकट्या होनाच्याच इतक्या जाती आहेत, कीं वाचतां वाचतां मनुष्य गोंधळून जातो. पेशवाईंत हीच गत रुपयाची होती. पुण्याचा अंकुशी, चांदवडचा चांदवडी, सुरतेचा सुरती, दक्षिणेकडून येणारा अर्काटी, शिवाय निजामाच्या मुलखांतील रुपये, असे नाना प्रकारचे रुपये एकाच बाजारांत शेजारी शेजारी फिरत असत. टांकसाळी सर्व सरकारच्याच हातीं होत्या असेंही नाहीं; सरकारांत ठराविक रक्कम भरून खाजगी माणसें टांकसाळीचा परवाना मिळवीत. तेव्हां 'रुपये शंभर' एवढें म्हणून व्यवहार पुरा होत नसे. रुपये कोणते, हें लिहावें लागे; आणि एका जातीच्या रुपयाची रक्कम दुसऱ्या जातीच्या रुपयांत चुकती करावयाची तर मधली तफावत भरावी लागे. या तफावतीचें नांव बट्टा.

ही तफावत ठरविणें हें सोपें काम नव्हतें. नाण्यांत चांदी किती, वजन किती, हातोहात फिरून झीज किती झाली, आणि ज्या गांवीं तें चालवावयाचें तेथें त्याला मागणी किती, एवढ्या गोष्टी सराफ पाही. नाणें फरशीवर आपटून त्याचा नाद ऐके, संशय आला तर कसोटीवर घांशी, आणि पारख झाल्यावर कित्येकदां त्यावर आपली बारीकशी खूण ठोकी. अशा खुणांनीं भरलेले जुने रुपये आजही पाहावयास मिळतात. गंमत अशी, कीं एकानें खूण ठोकावी ती नाणें खरें असल्याची साक्ष म्हणून, आणि पुढें दुसऱ्यानें त्याच खुणांकडे बोट दाखवून, नाणें खराब झालें म्हणून अधिक बट्टा मागावा! तरीही सराफाला सरसकट लुटारू ठरविणें अन्यायाचें होईल. त्याच्यावांचून पुण्याचा पैसा काशीस पोंचला नसता आणि हुंडी वटली नसती. हुंडी 'वटते', तिच्यावर 'वटणावळ' द्यावी लागते, उधारी वेळेपूर्वी फेडली तर 'वटाव' मिळतो; हे शब्द बट्ट्याच्याच गोतावळ्यांतले वाटतात, आणि त्या सर्वांच्या पोटीं मोलाच्या अदलाबदलीची एकच कल्पना आहे.

परंतु हा बट्टा शेवटीं भरी कोण? एक साधें उदाहरण घेऊं. एखाद्या कुळाकडे शंभर रुपये सारा आला. सरकारास अमुक जातीचा रुपया हवा. कुळाच्या पदरीं धान्य विकून आलेला रुपया भलत्याच जातीचा. त्यावर शेंकडा चार बट्टा बसला, कीं शंभराच्या सायासाला एकशें चार मोजावे लागत. हे चार रुपये जमाबंदीच्या आंकड्यांत दिसत नाहींत. कागदावर सारा शंभरच राहतो. म्हणून जुने हिशेब पाहून 'सारा वाढला नाहीं, तेव्हां रयत सुखी असली पाहिजे' असा निष्कर्ष काढणारानें बट्ट्याचा रकाना आधीं शोधावा. सराफाच्या वहींत जो शब्द जमेकडे, तोच कुळाच्या घरीं खर्चाकडे. अक्षरें तींच, पण गादीच्या कोणत्या बाजूला आपण बसलों आहों त्यावर अर्थ फिरतो.

बट्ट्याचें सर्वांत विलक्षण रूप पाहावयाचें तर बंगालकडे वळावें लागतें. तेथें सिक्का रुपयाची किंमत त्याच्या झिजेवर नव्हे, तर वयावर ठरे. नाण्यावर बादशहाच्या राज्यारोहणापासूनचें वर्ष छापलेलें असे. पहिल्या वर्षीं रुपयाची किंमत पुरी. पुढें त्यावर शेंकडा तीन, आणि त्यानंतर शेंकडा पांच बट्टा बसे. पेटींत जपून ठेवलेला, कोणाचाही हात न लागलेला रुपया केवळ पंचांग उलटल्यामुळें हलका होई! यावर कंपनी सरकारनें काढलेली तोड तितकीच चमत्कारिक होती. शहा आलम बादशहाचें एकोणिसावें वर्ष नाण्यांवर कायमचें ठेवावयाचें असें ठरलें, व १७९३ च्या कायद्यानें हा 'एकोणीस सनी' सिक्का पक्का झाला. नाणें कोणत्याही सालीं पाडलेलें असो, त्यावर वर्ष एकोणिसावेंच. रुपया म्हातारा होऊं नये म्हणून त्याचें वयच थांबविलें! एवढें करूनही हिशेबासाठीं एक निराळा 'चलनी' रुपया होताच, जो कोणत्याही टांकसाळींत कधीं पाडला गेला नाहीं. शंभर सिक्का म्हणजे एकशें सोळा चलनी, असें त्याचें प्रमाण. जें नाणें अस्तित्वांतच नव्हतें त्यालाही बट्ट्याच्या गणितांत मानाची जागा होती.

आतां याच कंपनी सरकारच्या छावणींत शिरूं. येथें 'बट्टा' म्हणतांच शिपायाच्या कपाळाला आंठी पडत नसे, उलट चेहरा खुलत असे. कारण सैन्यांत बट्टा म्हणजे तूट नव्हे. मोहिमेवर किंवा परमुलखांत असतांना पगाराशिवाय मिळणारी जादा रक्कम. एकाच शब्दाचे असे उलट अर्थ कसे झाले? यूल व बर्नेल यांनीं १८८६ सालीं प्रसिद्ध केलेल्या 'हॉब्सन-जॉब्सन' या कोशांत हे दोन निरनिराळे शब्द मानले आहेत. सैन्यांतील शब्दाचा संबंध त्यांनीं कानडी 'भत्त', म्हणजे सालीसकट असलेलें भात, याच्याशीं जोडला आहे. गोव्याच्या पोर्तुगीज भाषेंतही भाताला 'बाते' म्हणतात, आणि हा शब्द युरोपियनांच्या तोंडीं प्रथम बसला तो याच किनाऱ्यावर. म्हणजे सराफाचा बट्टा जन्मला तराजूवर, आणि शिपायाचा जन्मला शेतांत, शिध्याच्या रूपानें. इंग्रजांच्या लेखणींत दोहोंचें स्पेलिंग एकच झालें आणि दोन अनोळखी माणसें एका नांवानें वावरूं लागलीं. मराठींत आपण 'भत्ता' आणि 'बट्टा' असा भेद राखला, हें आपलें भाग्य.

या शिध्याच्या शब्दानें मोठमोठे अधिकारी हादरविले आहेत. प्लासीच्या लढाईनंतर मीर जाफरानें कंपनीच्या फौजेला दुप्पट बट्टा दिला. पुढें तो कंपनीच्या माथीं आला, तेव्हां क्लाइव्हनें १७६६ च्या आरंभीं तो बंद केला. त्याबरोबर बंगालमधील गोऱ्या अधिकाऱ्यांनीं एकाच वेळीं राजीनामे देण्याचा कट केला. क्लाइव्हनें मद्रासेहून दुसरे अधिकारी आणवून, आणि देशी शिपायांच्या निष्ठेवर विसंबून, तो मोडला. १८२८ च्या नोव्हेंबरांत बेंटिंकनें कलकत्त्याजवळच्या ठाण्यांवरील अधिकाऱ्यांचा बट्टा निम्म्यावर आणला आणि तो सैन्यांत कमालीचा अप्रिय झाला. सतीची चाल बंद करणारा म्हणून आपण ज्याला ओळखतों, तोच गव्हर्नर जनरल छावण्यांतून 'अर्ध्या बट्ट्याचा' म्हणून ओळखला जाई.

परंतु खरी करुण कथा आहे ती काळ्या शिपायाची. सिंध जोंवर परमुलूख होता, तोंवर तेथें जाणाऱ्या बंगाली फौजेच्या शिपायाला बट्टा होता. १८४३ सालीं सिंध जिंकला गेला. आतां तो कंपनीचाच मुलूख झाला. मग परमुलखाचा बट्टा कशाचा? हिशेब काटेकोर होता, पण शिपायाच्या दृष्टीनें पाहा. घर तितकेंच दूर, ऊन तेंच, रोगराई तीच; आणि मुलूख जिंकला त्याच्याच बंदुकीनें. जय मिळविला म्हणून पगार घटला! १८४४ सालीं चौतिसाव्या पलटणीनें सिंधेकडे कूच करण्याचें नाकारलें व ती मोडण्यांत आली. पंजाब १८४९ सालीं खालसा झाल्यावर हीच गोष्ट पुन्हां घडली. १८५० सालीं गोविंदगडच्या किल्ल्यांतील सहासष्टावी पलटण उठली आणि तीही मोडली गेली. त्याच सुमारास धान्याच्या महागाईबद्दल शिपायांना मिळणाऱ्या भरपाईवरून सेनापती चार्ल्स नेपियर व गव्हर्नर जनरल डलहौसी यांचें बिनसलें आणि सेनापतीनें राजीनामा दिला. भातापासून निघालेला शब्द असा फिरून धान्याच्या भावापाशींच आला. पुढें सातच वर्षांनीं, १८५७ सालीं, जो वणवा पेटला त्याचीं कारणें अनेक. पण 'बट्टा' या शब्दाशीं निगडित झालेला विश्वासघाताचा सल हें त्यांतील एक, हें विसरतां कामा नये.

घरांतही या ध्वनीचा एक धनी आहे. खलबत्त्यांतील 'बत्ता' म्हणजे कुटण्याचें साधन, आणि हिंदींत 'सिल-बट्टा' म्हणजे आपला पाटा-वरवंटा. वैद्याच्या औषधांत किंवा सुगरणीच्या मसाल्यांत या बट्ट्याचें सराफाशीं कांहीं देणेंघेणें नाहीं. ध्वनि जुळला म्हणून नातें जुळतेंच असें नाहीं, एवढा बोध त्यापासून घेऊन पुढें जाऊं.

१८३५ सालच्या कायद्यानें कंपनीच्या सर्व मुलखांत एकच रुपया सुरू झाला. वजन १८० ग्रेन, पैकीं १६५ ग्रेन शुद्ध चांदी. १८३८ च्या आरंभापासून बंगालचा सिक्काही कायद्याच्या चलनांतून उठला. सराफाच्या बट्ट्याच्या पायाखालची जमीन येथून सरकूं लागली. तथापि संस्थानांत तो टिकला. मराठवाडा हैदराबाद राज्यांत असेपर्यंत तेथें हाली रुपया चाले आणि शेजारच्या इंग्रजी मुलखांत कलदार. सर्वसाधारण भाव सात हालीला सहा कलदार. लातुरचा व्यापारी बार्शीच्या पेठेंत आला, कीं त्याला हें गणित तोंडपाठ असावें लागे. १९४८ सालीं हैदराबाद भारतांत आल्यानंतर हाली रुपयाही क्रमाक्रमानें १९५० नंतरच्या दशकांत चलनांतून गेला.

नाणीं एक झालीं, बट्टा गेला. पण शब्द मेला नाहीं. नोकरदाराच्या पगारपत्रकांत तो प्रवासभत्ता व महागाईभत्ता होऊन बसला आहे, न्यायालयांत साक्षीदाराच्या भत्त्याच्या रूपानें आहे, दुकानदाराच्या बिलांत वटाव त्याची आठवण देतो. आणि ज्यांनीं सराफाची गादी कधीं पाहिली नाहीं त्यांच्या तोंडीं तो 'नांवाला बट्टा' होऊन राहिला आहे. या शेवटच्या प्रयोगांत मला जुन्या व्यवहाराचें शहाणपण दिसतें. बट्टा लागलेला रुपया खोटा नसे. तो चाले, परंतु पूर्वीच्या मोलानें चालत नसे. माणसाच्या अब्रूचेंही तसेंच आहे. ती एका चुकीनें नाहींशी होत नाहीं, पण पुढें प्रत्येक बाजारांत तिच्यावर कांहीं कापून घेतलें जातें.

म्हणून जुन्या दप्तरांत हा शब्द भेटला, कीं कोशांतील पहिला अर्थ घेऊन पुढें धांवूं नये. हा कागद कोणाच्या हातचा, सराफाच्या, कुळाच्या कीं शिपायाच्या, हें आधीं विचारावें. कोशांतील अर्थ ओळीनें मांडलेले असतात; प्रत्यक्षांत मात्र त्या ओळींमध्यें कोणाचें तरी घर भरलेलें असतें आणि कोणाचें तरी रिकामें झालेलें असतें.