पिली नदी : गोरेवाड्यापासून वैनगंगेपर्यंत

वैनगंगेच्या काठी देवाचे ठाणे आणि देवाच्या स्नानाला नदीचे पाणी, ही भंडारा जिल्ह्यातील जुनी रीत आहे. जीर्णोद्धाराच्या या मंगल प्रसंगी त्या पाण्याची वाटही ग्रामस्थांनी व देणगीदारांनी जाणून घ्यावी, हे उचित होईल.

वैनगंगेचा उगम मध्यप्रदेशात, सिवनी जिल्ह्यातील मुंडारा येथे आहे. परंतु पश्चिमेकडून तिला मिळणाऱ्या पाण्यात पिली नावाच्या एका लहानशा नदीचाही वाटा आहे. ही नदी नागपूरच्या वायव्येस गोरेवाड्याच्या टेकड्यांतून निघते. सन 1912 मध्ये तेथील तलाव नागपूरच्या पिण्याच्या पाण्यासाठी मुक्रर झाला. तलावाची पाळ 2,350 फूट लांब. त्या काळी शहराची वस्ती सुमारे 1,01,000 होती. तलावाभोवतीचे दाट रान आजही टिकून आहे. पुढे शहर वाढले व पेंच नदीचे पाणी नवेगाव खैरीहून आणावे लागले. गोरेवाड्याच्या रानात 26 जानेवारी 2021 रोजी प्राणिसंग्रहालय सुरू झाले.

रान राखल्याने तलाव राखला जातो, ही गोष्ट भंडाऱ्याच्या माणसास नवी नाही. कोहळी समाजाच्या पूर्वजांनी बांधलेले तलाव आपल्या जिल्ह्यात जागोजागी आहेत. वरचे रान तुटले की माती वाहून येते, तलाव गाळाने भरतो आणि खालचे धान वाळते, हे प्रत्येक शेतकरी जाणतो.

दुर्दैव असे की, पिलीचे हे भाग्य तलावाच्या पाळीशी संपते. सांडव्याखाली ती नागपूर शहराच्या उत्तर भागातून वाहते आणि वस्तीचे सांडपाणी पोटात घेते. शहराच्या पूर्वेस ती नाग नदीला मिळते. नाग नदी कन्हानला मिळते आणि कन्हान आंभोऱ्याजवळ वैनगंगेला. आंभोऱ्यास श्री चैतन्येश्वराचे प्राचीन स्थान आहे. तेथून हे पाणी पवनी तालुक्यातील गोसेखुर्द धरणाच्या जलाशयात येते. सदर धरणाचे भूमिपूजन 22 एप्रिल 1988 रोजी तत्कालीन पंतप्रधान राजीव गांधी यांचे हस्ते झाले. वाहते पाणी घाण पुढे नेते. अडलेल्या पाण्यात ती साचून राहते. म्हणून धरणाकाठच्या गावांस त्याचा त्रास अधिक.

एकाच नदीची ही दोन रूपे आहेत. ज्या पाण्यावर आपली तहान भागते ते जपले गेले. जे पाणी दुसऱ्याच्या गावी जाणार त्याची काळजी कोणी घेतली नाही. मात्र केवळ शहरास बोल लावून चालणार नाही. आपल्याही गावाच्या खाली गावे आहेत. आपली मोरी, आपले निर्माल्य आणि विसर्जनाच्या मूर्ती त्यांच्याच पाण्यात जातात.

भाविकांच्या देणगीतून देवालय नवे झाले. त्याच हातांनी नदीचा घाटही स्वच्छ राहिला, तर देवाचा अभिषेक खऱ्या अर्थाने निर्मळ जलाने होईल. हीच या प्रसंगी ग्रामदैवताच्या चरणी प्रार्थना.