‘एल फुसिलामिएन्तो दे दोरेगो’ : अर्जेंटिनाचा हरवलेला लघुपट

‘एल फुसिलामिएन्तो दे दोरेगो’ (दोरेगो यांना गोळ्या घालून दिलेला मृत्युदंड) हा अर्जेंटिनातील आरंभीच्या काळातील एक मूक लघुपट. नटांकडून अभिनय करवून घेतलेला त्या देशातील पहिला कथापट, अशी त्याची ओळख अनेक वर्षे रूढ होती.

दिग्दर्शक मारिओ गालो हे मूळचे इटलीतील संगीतकार. १९०५ मध्ये ते अर्जेंटिनात आले आणि पुढे चित्रपटनिर्मितीकडे वळले. १९१० मध्ये मे क्रांतीची शताब्दी होती. त्या सुमारास राष्ट्राच्या इतिहासातील प्रसंगांवर त्यांनी अनेक लघुपट काढले.

या लघुपटाचे नायक मान्वेल दोरेगो (१७८७–१८२८) हे स्पॅनिश सत्तेविरुद्धच्या स्वातंत्र्ययुद्धातील सेनानी. बेल्ग्रानो यांच्या सैन्यातून ते तुकुमान (१८१२) व साल्ता (१८१३) येथे लढले. प्रांतांच्या स्वायत्ततेचा पुरस्कार करणाऱ्या संघराज्यवादी पक्षाचे ते नेते होते. १८२७ मध्ये ते ब्वेनोस आइरेस प्रांताचे गव्हर्नर झाले. ब्राझीलबरोबरच्या युद्धाहून परतलेल्या असंतुष्ट सैन्याच्या बळावर जनरल हुआन लावाये यांनी १ डिसेंबर १८२८ रोजी त्यांची सत्ता उलथवली. लावाये हेही स्वातंत्र्ययुद्धातलेच योद्धे. ९ डिसेंबरला नावारो येथे दोरेगो यांचा पराभव झाला. पुढे ते पकडले गेले आणि १३ तारखेला कोणताही खटला न चालवता त्यांना गोळ्या घालण्यात आल्या. अखेरच्या तासाभरात त्यांनी पत्नी व मुलींना पत्रे लिहिली. लामाद्रिद या जुन्या सहकाऱ्याचे जाकीट अंगात घालून ते मृत्यूला सामोरे गेले. स्वतःचे जाकीट त्यांनी पत्नीसाठी ठेवले. आपल्याच आज्ञेने हा मृत्युदंड दिल्याचे लावाये यांनी सरकारला लेखी कळवले. या घटनेने यादवी अधिकच भडकली व रोसास यांच्या उदयाची वाट मोकळी झाली.

लघुपटाची एकही प्रत आज उपलब्ध नाही. त्याचे प्रदर्शनवर्ष परंपरेने १९०८ मानले जाते. नंतरच्या काही अभ्यासकांनी मात्र ते १९१० ठरवले आहे. हे मत ग्राह्य धरल्यास पहिल्या कथापटाचा मान गालो यांच्याच ‘ला रेवोलुसिओन दे मायो’ (१९०९) या लघुपटाकडे जातो. सुदैवाने तो टिकून आहे. त्यातील रंगवलेले पडदे व नाटकी हालचाली पाहून हरवलेल्या लघुपटाच्या धाटणीची कल्पना करता येते. दोरेगो यांचा अखेरचा प्रसंग पडद्यावर कसा उभा राहिला होता, हे मात्र आता पाहता येणार नाही.